अकरा पाती

मी फुटबॉल खेळायचे असं सांगितलं की लोक आधी माझ्या पायांकडे पाहतात, मग चेहऱ्याकडे, आणि मग विचारतात, "म्हणजे मुलांचा?" फुटबॉल मुलांचा वेगळा आणि मुलींचा वेगळा असा नसतो हे मी इतक्या वेळा सांगितलं आहे, की आता मी नुसतं "हो, मुलांचाच" म्हणते आणि विषय संपवते. वय झालं की माणूस भांडणं निवडून करतो.

मी पवनारची. सत्तरच्या दशकात सायकलने वर्ध्याला कॉलेजात जायचे आणि खो-खो खेळायचे. एके दिवशी आमच्या क्रीडाशिक्षकांकडे वरून पत्रक आलं, की यंदापासून मुलींचाही फुटबॉल संघ पाठवावा. सरांनी ते पत्रक आठ दिवस टेबलाच्या कप्प्यात ठेवून पाहिलं. ते आपोआप कुठे जाईना, तेव्हा त्यांनी खो-खोच्या मुलींना मैदानात उभं केलं आणि विचारलं, "पडलात-झडलात तर घरी कोण सांगणार नाही?" चौदा हात वर झाले. माझी निवड अशी निव्वळ गुणवत्तेवर झाली.

गणवेशाचं काम बाजारातल्या एका शिंप्याकडे गेलं. माणूस भला, पण तरण्या मुलींच्या हाफ पँटची मापं घ्यायला तो लाजला आणि त्याने सगळ्या पँटी अंदाजाने शिवल्या. माझी पँट गुडघ्याच्या खाली चार बोटं गेली आणि कंबर एवढी ऐसपैस निघाली की आत एखादी शेजारीण सहज मावली असती. पहिला सामना मी एका हाताने पँट धरून खेळले. सर नंतर सगळ्यांसमोर म्हणाले, "हिच्याकडून शिका. पूर्ण सामन्यात एकदाही हात चेंडूला लागला नाही."

घरी वडिलांना मी कॉलेजात कवायत असते एवढंच सांगितलं होतं. "कवायत चांगली. अंग हालते," असं म्हणून ते बैलांच्या मागे निघून गेले. आईला मात्र खरं सांगावं लागलं, कारण माझे सोललेले गुडघे तिच्यापासून लपत नव्हते. आई गावातल्या कापूस वेचणाऱ्या बायांची म्होरकी होती. आमचं स्वतःचं शेत बेताचंच. ते संपलं की ती दहा-बारा बाया घेऊन दुसऱ्यांच्या वेचणीला जायची. बोलणं कमी आणि नजर अशी, की मागच्या बाईने बोंडात कापूस सोडला तर हिला पुढे चालता चालता कळायचं.

माझा वर्ध्यातला पहिला मोठा सामना ठरला तेव्हा तिने चुलीपाशी बसल्या बसल्या विचारलं, "मॅच हाय म्हणते. येऊ का पाहाले?"

मी म्हटलं, "नको माय. तिथं बाया येत नाईत."

सामना बायकांचा. खेळणाऱ्या बावीसच्या बावीस बायका. आणि मी सांगते आहे, तिथं बाया येत नाहीत. मग तू तिथं कोण म्हणून जाते, असं तिने विचारायला हवं होतं. तिने विचारलं नाही. "बरं," म्हणाली आणि पुढची भाकर थापायला घेतली.

खरं कारण आता सांगायला हरकत नाही. आमच्या संघात एका वकिलाची मुलगी होती, दोघी डॉक्टरांच्या होत्या. त्यांच्या आया सामन्याला यायच्या, थर्मासमधून चहा आणायच्या, खुर्च्यांवर बसून टाळ्या वाजवायच्या. माझी आई आली असती तर अनवाणी आली असती, कासोट्याच्या लुगड्यात, केसांत कापसाची कुसं घेऊन. मला तिची लाज वाटली. त्या वेळी मी त्या लाजेला "उगाच तिला दगदग कशाला" असं शहाणपणाचं नाव दिलं होतं. तिने पुन्हा कधी विचारलं नाही.

माझ्या कारकिर्दीबद्दल थोडक्यात सांगते, कारण ती थोडक्यातच होती. मी हाफबॅक खेळायचे, म्हणजे मधल्या फळीत. मागच्यांना वाटायचं मी पुढे असायला हवं होतं आणि पुढच्यांना वाटायचं मी मागे का नव्हते. विभागाच्या संघात एकदा निवड झाली. त्या स्पर्धेत मी पाच दिवस बाकावर बसले आणि लिंबाच्या फोडी वाटल्या. संपूर्ण आयुष्यात गोल एक. तोही मी बुटाची नाडी बांधायला वाकले असताना चेंडू माझ्या पाठीवर आपटून आत गेला. नाडी मात्र सुटलेलीच राहिली होती, हे मला अजून आठवतं.

ही कारकीर्द संपली नागपूरच्या एका मैदानावर, चेंडू माझ्यापासून वीस हात लांब असताना. मला कोणी पाडलं नाही. मी वळले आणि गुडघा वळला नाही, एवढंच झालं. घरी महिनाभर आई रोज संध्याकाळी गुडघ्याला तेल चोळायची. त्या महिन्यात तिने खेळाबद्दल एकच प्रश्न विचारला.

"बॉल भेटला का मंग?"

"नाई."

"हं," म्हणाली आणि चोळत राहिली.

डॉक्टरांनी धावणं बंद केलं, पण मैदान सुटेना. मैदानाच्या बाहेरून गेले तरी पाय आत वळायचे. वडील नको म्हणाले, तर त्यांच्याशी दोन महिने अबोला धरून मी अमरावतीला गेले आणि शारीरिक शिक्षणाची पदवी घेतली. ऐंशीनंतर तीन-चार वर्षांनी वर्ध्यातल्याच एका कॉलेजात मला खेळाची शिक्षिका म्हणून नेमलं, एका वर्षासाठी, तात्पुरतं. सिंदी मेघेला खोली घेतली. मी काय शिकवते हे कळल्यावर घरमालकीण म्हणाली, "मले तं कोनी सांगतलं, प्रोफेसर बाई येऊन राह्यली," आणि दुसऱ्या दिवसापासून पाणी भरताना माझा नंबर शेवटी लावू लागली.

आमचे प्राचार्य गणिताचे. त्यांनी मला पहिल्याच दिवशी बोलावून घेतलं. "मॅडम, मला खेळातलं कळत नाही, मला मोजता येतं. मागच्या वर्षी आपल्या मुली स्पर्धेला गेल्या नऊ. अर्ध्या वेळानंतर उरल्या सहा. पंचांनी सामना थांबवला. एक रडत होती, एक बसमध्ये जाऊन बसली होती आणि एक कुठे गेली ते मला आजतागायत कळलेलं नाही. यंदा स्पर्धा आपल्या मैदानावर आहे. अकरा मुली शेवटच्या शिट्टीपर्यंत मैदानात उभ्या दिसल्या, तर तुमची नेमणूक मी कायम करायला पाठवतो. नाही दिसल्या, तर मुलींचा फुटबॉल बंद आणि ही जागाही बंद."

"आणि जिंकलो तर?" मी विचारलं.

"तुम्ही अकरा दाखवा," ते म्हणाले.

शहरातल्या मुलींच्या घरी मी पायऱ्या झिजवल्या. एकीच्या वडिलांनी मला सरबत दिलं आणि मुलीला आतल्या खोलीत ठेवलं. शेवटी हाताला लागल्या त्या बसने किंवा सायकलने खेड्यातून येणाऱ्या मुली. दणकट, न थकणाऱ्या, उन्हाला न घाबरणाऱ्या. बूट घातल्यावर त्या लंगडायच्या आणि काढल्यावर हरणासारख्या पळायच्या. मोजून अकरा. मला वाटलं, काम झालं.

मी फळ्यावर मैदान काढलं. कोण डावीकडे, कोण उजवीकडे, कोण मधे, कोण मागे, सगळं खडूने समजावलं. अकराही जणींनी मान डोलावली. मग आम्ही मैदानात गेलो आणि मी शिट्टी वाजवली.

त्या सगळ्या एका ओळीत उभ्या राहिल्या, या कडेपासून त्या कडेपर्यंत सारख्या अंतरावर, गोलकीपरसुद्धा. आणि तशाच सरळ रेषेत पुढे निघाल्या. चेंडू जिच्या समोर येई ती मारी. चेंडू शेजारणीच्या बाजूला चार हात गेला की ही थांबे. चेंडू दोघींच्या मधे पडला तर दोघी एकमेकींकडे पाहत उभ्या राहत. पलीकडच्या टोकाला पोचल्यावर अकराही जणी थांबल्या, ओढणीने तोंड पुसलं, आणि वळून परत निघाल्या. दरम्यान चेंडू मागेच राहिला होता.

"अगं, तिच्याकडे जा ना, मदत कर," मी ओरडले.

डावीकडची उंच मुलगी म्हणाली, "तिकडं तिचं हाय ना मॅडम. तिचं तिले करू द्या."

मी समजावलं, रागावले, मैदानाला फेऱ्या मारायला लावल्या. फेऱ्यासुद्धा त्यांनी ओळीत मारल्या. एवढा सभ्य फुटबॉल मी जन्मात पाहिला नव्हता. सरावासाठी गावातल्या एका शाळेच्या मुलींशी सामना ठेवला. आठवी-नववीच्या पोरी, माझ्या मुलींच्या खांद्याला लागणाऱ्या. त्यांनी आमच्यावर नऊ गोल चढवले. सातव्या गोलाला आमच्या गोलकीपरने त्यांना टाळी दिली.

मी त्या संध्याकाळी खोलीवर येऊन मनाशी कबूल केलं, की आपल्याला शिकवता येत नाही. आपण बाकावर बसून लिंबं वाटायच्या लायकीच्या. आणि त्याच आठवड्यात दिवाळी संपली, पऱ्हाटी म्हणजे कापसाची झाडं फुटली आणि माझ्या अकरातल्या सात जणी कॉलेजात यायच्याच बंद झाल्या.

वेचणी लागली होती. कापूस झाडावर वाट पाहत नाही, हे मलाही ठाऊक होतं. पण स्पर्धाही वाट पाहणार नव्हती. तीन आठवडे उरले होते. रविवारी मी सायकल काढली आणि मुलींना शोधत निघाले. गळ्यात शिट्टी तशीच होती. पवनारच्या अलीकडे एका मोठ्या शेतात बायांची रांग दिसली. जवळ गेले तर सातही तिथे, कमरेला ओटी, म्हणजे कापूस टाकायची कापडी झोळी, बांधून वेचत होत्या. आणि रांगेच्या मधोमध माझी आई.

मुलींनी मला पाहून माना खाली घातल्या. आईने मान वर केली नाही, कारण तिने मला रस्त्यावरूनच ओळखलं होतं.

"माय, या माह्या पोरी हायेत," मी म्हटलं.

"तुह्या कशा? माह्या हायेत. आठ दिस झाले, माह्यासंगं येऊन राह्यल्या."

"मले या पोरींची टीम करायची हाय. यायले सोड."

"सोडतो. मंग वेचणी कोन करन?" तिने तेव्हा कुठे माझ्याकडे पाहिलं. "पात धर."

पात म्हणजे प्रत्येकीच्या वाट्याच्या पऱ्हाटीच्या दोन ओळी, या धुऱ्यापासून त्या धुऱ्यापर्यंत. धुरा म्हणजे शेताचा बांध. वेचणाऱ्या बाया ओळीने उभ्या राहतात, आपापली पात धरतात आणि पुढे सरकतात. शेजारणीच्या पातीतलं बोंड कितीही पांढरंशुभ्र फुललेलं दिसो, त्याला हात लावायचा नाही. लावला तर त्यावरून दोन दिवस बोलणं बंद होतं. हे मी लहानपणापासून पाहत होते. पाहत होते म्हणजे शेताच्या कडेने सायकलवरून शाळेत जात होते. मी वेचणीला कधी उतरलेच नव्हते. मुलगी शिकते म्हणून आईने मला कधी उतरवलं नव्हतं.

आईने तिची ओटी सोडून माझ्या कमरेला बांधली. मी दोन ओळींच्या मधे उभी राहिले, आणि तिथे उभं राहून डावीउजवीकडे पाहिलं. सारख्या अंतरावर बाया. माझ्या सात मुली, आपापल्या जागी, सरळ तोंड करून. हीच ती ओळ होती. महिनाभर मी जिला शिव्या घालत होते ती हीच. मुली मैदानात चुकत नव्हत्या, त्या पात धरत होत्या. कॉलेजच्या मैदानात यांनी अकरा पाती पाडल्या होत्या, गोल म्हणजे धुरा ठरवला होता, आणि मी, वेचणाऱ्या बाईची पदवीधर मुलगी, फळ्यावर खडूने बाण काढत बसले होते.

एवढं कळलं, पण त्याने गोल वाचत नाहीत. दुसरी गोष्ट कळायला दोन तास लागले.

वेचणं मला जमेना. बोंडांची वाळकी टोकं बोटांत शिरत होती, कापूस अर्धा हातात आणि अर्धा बोंडातच राहत होता. अर्ध्या तासात सगळ्या माझ्या दहा हात पुढे गेल्या. तासाभरात मला त्यांच्या पाठी दिसेनात. पलीकडून उंच मुलीचा आवाज आला, "मॅडम, हात हालवा वो," आणि सगळ्या हसल्या. हे वाक्य माझं होतं. महिनाभर मी तिला तेच म्हणत होते, फक्त पाय हालवा म्हणत होते.

त्यांच्या पाती धुऱ्याला लागल्या. आता बसतील, पाणी पितील, असं मला वाटलं. कोणीच बसलं नाही. सगळ्या वळल्या आणि धुऱ्याकडून उलट माझ्या पातीत शिरल्या. दोघी डाव्या ओळीला, दोघी उजव्या ओळीला, दोघी मागे सुटलेली बोंडं पाहायला. कोणी कोणाला काही सांगितलं नव्हतं. वेचलेला कापूस त्यांनी माझ्याच ओटीत टाकला. पाव तासात माझी पात संपली, आणि मग सगळ्या जणी एकत्र निंबाखाली पाण्याला बसल्या.

"हे काय होतं?" मी आईला विचारलं.

तिला प्रश्नच समजला नाही. "मागची पात लागल्याबिगर काम झालं असं कोन म्हनते?" ती म्हणाली. "आपल्या पातीत राह्याचं, पन मागं पडलेलीले टाकून जायाचं नाई. त्याच्या आंधी कोनी बसत नाई."

मी उठले, गळ्यातली शिट्टी जोरात वाजवली आणि निंबावरचे सगळे पक्षी उडवले. आईने कपाळावर हात मारून घेतला.

मग आमचा करार झाला. सकाळी कॉलेजच्या आधी मी वेचणीला यायचं, आणि दुपारी चारला आई मुलींना सोडणार. उरलेल्या चौघींना मी वर्ध्याहून चारच्या बसने आणायचं. सराव धाम नदीच्या काठावरच्या मोकळ्या जागेत व्हायचा. फळा आणि खडू मी कपाटात टाकून दिले. "तुझी पात ही. बॉल तुझ्या पातीत आला की तुझा. शेजारणीची पात मागं पडली, तिच्यावर दोघी आल्या, की तुझी सोड आणि तिच्यात शिर. आणि गोलकीपर, तू धुऱ्यावर राहायचं, वेचायला यायचं नाही." हे सांगायला मला पाच मिनिटं लागली. तिसऱ्या दिवशी त्या असं खेळू लागल्या, की मला हाफबॅक असताना कधी मिळालं नव्हतं इतकं पाठबळ त्यांच्यातल्या सगळ्यात सुस्त मुलीला मिळत होतं. मला त्यांचा हेवा वाटला, हे खरं आहे.

माझी बोटं फाटली होती. प्राचार्यांनी कागदावर सही करताना माझे हात पाहिले आणि म्हणाले, "मॅडम, फुटबॉलमध्ये हात वापरत नाहीत ना?"

सामन्याच्या आदल्या दिवशी आई म्हणाली, "उद्या वेचणी बंद. पोरी माह्या पातीतल्या हायेत. मी येतो पाहाले." या वेळी तिने विचारलं नाही, सांगितलं. मी हो म्हटलं. आता लाज वाटायला मला फुरसत नव्हती, आणि खरं सांगायचं तर सकाळी तीन तास माझ्याही केसांत कापूस असायचा.

सामना नागपूरच्या एका संघाशी होता. त्यांच्या अंगावर एकसारख्या जर्सी, पायांत काट्यांचे बूट, आणि सोबत टोपी घातलेले कोच. आमच्या मुलींच्या अंगावर मुलांच्या संघाचे जुने शर्ट होते, त्यांवरचे आकडे सहा, सहा, दहा, नऊ आणि पुन्हा सहा. पंचांनी तक्रार केली तेव्हा मी एका सहाला सुईदोऱ्याने शेपटी लावून आठ केलं आणि दुसऱ्याच्या आधी एक शिवून सोळा केलं. प्राचार्य खुर्ची घेऊन अगदी मधल्या रेषेजवळ बसले, मांडीवर वही. आणि एसटीतून उतरून, डोक्यावर पदर घेऊन, आई आणि तिच्या आठ बाया मैदानाच्या पलीकडच्या कडेला येऊन उभ्या राहिल्या. खुर्च्या दिल्या तर त्यांनी त्यांवर गाठोडी ठेवली.

सामना सुरू झाला आणि नागपूरच्या कोचना काही कळेना. आमच्या मुली ओरडत होत्या, "पात सोड, तिची पाहा," "धुऱ्यावर दोघी गेल्या," आणि कडेच्या बाया त्यांच्याबरोबर मैदानाच्या लांबीने चालत होत्या. जिथे चेंडू तिथे बाया. रेषेवरच्या पंचाने दोनदा त्यांना मागे सरायला सांगितलं. आई त्याला म्हणाली, "तू तुह्या पातीत चाल ना बापा, आमी आमच्या पातीत हाओत." तो चालू लागला.

आमच्या गोलकीपरने सवयीने शर्टावरून कमरेला ओटी बांधली होती. ती काढ असं मी दहा वेळा सांगितलं होतं. पहिला जोरदार फटका आला तो थेट तिच्या ओटीत, आणि तिने दोन्ही हातांनी ओटीचं तोंड आवळलं. चेंडू दिसेना. नागपूरच्या मुली गोलात शोधायला गेल्या. पंचांनी नियमाचं पुस्तक आठवून पाहिलं आणि शेवटी खेळ सुरू ठेवला, पण ओटी सोडायला लावली. त्यानंतर तिच्या हातातून दोन चेंडू सुटले आणि दोन गोल झाले. मी अजूनही म्हणते, ओटी राहिली असती तर आम्ही बरोबरी केली असती.

पण मला गोलांची चिंता नव्हती. मी मोजत होते. अर्ध्या वेळेला अकरा. त्यानंतर अर्ध्या तासाने अकरा. प्राचार्यांची पेन्सिल हवेत हलत होती, तेही मोजत होते. आणि संपायला दहाएक मिनिटं असताना उंच मुलगी खाली बसली. पोटरीत गोळा आला होता. तिचा चेहरा पांढरा पडला. बदली खेळाडू आमच्याकडे नव्हती. मी कडेला गुडघ्यावर बसून तिला म्हटलं, "बाहेर ये. राहू दे." माझी नोकरी त्या वेळी तिच्या पोटरीत होती, हे तिला माहीत होतं. मुलींना सगळं माहीत असतं.

"माही पात बाकी हाय," ती म्हणाली आणि शेजारणीचा खांदा धरून उभी राहिली. ती एका जागी उभी राहिली, आणि पुढची दहा मिनिटं शेजारच्या दोघींनी तिच्या वाट्याचं मैदान आपल्या मैदानाबरोबर सांभाळलं. नागपूरवाल्यांनी तिच्याच बाजूने चार वेळा हल्ला केला. चारही वेळा तिथे तीन-तीन मुली निघाल्या. कडेच्या बायांचं चालणं थांबलं होतं. त्या तिच्यासमोर उभ्या होत्या.

शेवटची शिट्टी झाली. दोन-शून्य, हरलो. मैदानात अकरा. मी प्राचार्यांकडे पाहिलं. त्यांनी एकदा मोजलं, पुन्हा मोजलं आणि वही मिटली.

नागपूरच्या मुली हात मिळवायला रांगेत उभ्या राहिल्या. आमच्या गेल्याच नाहीत. सगळ्या वळल्या, उंच मुलीपाशी गेल्या, दोघींनी तिला खांदा दिला आणि अकराही जणी हळूहळू पलीकडच्या गोलापर्यंत चालत गेल्या. तिने गोलाच्या खांबाला हात लावला, तेव्हा त्या थांबल्या आणि तोंडं पुसली. नागपूरवाल्या तोवर हात पुढे करून ताटकळत उभ्या होत्या. प्राचार्य माझ्याजवळ आले. "शिट्टी झाल्यावर हे काय चाललं होतं, मॅडम?"

"सर, काम बाकी होतं," मी म्हटलं.

"हं," ते म्हणाले. "अकरा होत्या." पुढच्या महिन्यात माझा कायम नेमणुकीचा कागद आला आणि मी त्या कॉलेजात पुढची अनेक वर्षं मुलींना पाती शिकवल्या.

पण त्या संध्याकाळचं एक राहिलं. बाया एसटीच्या वाटेला लागल्या होत्या. आई मागे थांबून मैदानाकडे पाहत होती. खुर्च्यांवर अजून बायका बसलेल्या होत्या. नागपूरच्या मुलींच्या आया होत्या, आमच्या कॉलेजच्या मुली होत्या, एकीजवळ थर्मास होता. आईने त्या सगळ्या एकेक करून पाहिल्या, मागच्या बाईच्या पातीतली सुटलेली बोंडं पाहायची तशा.

"तूनं तं सांगतलं होतं, इथं बाया येत नाईत म्हनून."

त्या गोष्टीला दहा वर्षं होऊन गेली होती. मला वाटत होतं ती विसरली. मी म्हटलं, "तेव्हा नव्हत्या येत, माय." दुसऱ्यांदा खोटं बोलले. पहिल्यापेक्षा जास्त वाईट वाटलं, कारण आता कारणही उरलं नव्हतं.

"मी आली असती तं एक तं आली असती," ती म्हणाली.

तिने माझा हात घेऊन फाटलेली बोटं उलटसुलट करून पाहिली आणि घरी आल्यावर तेल लावून देतो म्हणाली. मग विचारलं, "पुढची मॅच कधी हाय?"

"तारीख आली की सांगते."

"सांगजो मात्र," ती म्हणाली, आणि पुढे गेलेल्या बायांना गाठायला निघाली.